भास्कराचार्य आणि व्याजाचा हिशेब

थोर गणिती आणि ज्योतिर्विद भास्कराचार्य यांचा जन्म शके १०३६ म्हणजे इ.स. १११४ मध्ये झाला. त्यांचे घराणे सह्याद्रीच्या आश्रयाने वसलेल्या विज्जडविड या गावचे. वडील महेश्वर हे विद्वान ज्योतिषी होते आणि तेच त्यांचे गुरूही होते. इ.स. ११५० मध्ये, वयाच्या ३६व्या वर्षी, भास्कराचार्यांनी ‘सिद्धान्तशिरोमणी’ हा ग्रंथ रचला. लीलावती, बीजगणित, ग्रहगणित आणि गोलाध्याय हे त्याचे चार भाग होत.

ग्रहांच्या गती मोजणाऱ्या या पंडिताला बाजारातील व्यवहारही परके नव्हते. लीलावतीमध्ये धान्याच्या राशी, सोन्याचा कस, भागीदारी आणि व्याज यांवरील उदाहरणे आढळतात. त्यांपैकी एक उदाहरण आजही अभ्यासण्यासारखे आहे.

९४ निष्क एवढे धन तीन भागांत व्याजाने दिले आहे. व्याजाचे दर दरमहा शेकडा ५, ३ आणि ४ असे आहेत. पहिल्या भागावर ७ महिन्यांत, दुसऱ्यावर १० महिन्यांत आणि तिसऱ्यावर ५ महिन्यांत सारखेच व्याज मिळते. तर प्रत्येक भाग किती निष्कांचा?

प्रथम दर आणि महिने यांचा गुणाकार करावा. त्यावरून १०० निष्कांवर अनुक्रमे ३५, ३० आणि २० निष्क व्याज होते, हे कळते. जेथे शेकडा व्याज अधिक, तेथे तेवढ्याच व्याजासाठी मुद्दल कमी लागते. म्हणून मुद्दलांचे प्रमाण या संख्यांच्या व्यस्त, म्हणजे १२ : १४ : २१ असे येते. या तिन्हींची बेरीज ४७. तिने ९४ ला भागले असता २ मिळतात. म्हणून तीन भाग २४, २८ आणि ४२ निष्कांचे. पडताळा घेतल्यास प्रत्येक भागाचे व्याज ८.४ निष्कच भरते.

या उदाहरणातून आणखी एक गोष्ट लक्षात येते. शेकडा ५ हा दर ऐकताना लहान वाटतो. परंतु तो दरमहाचा असल्याने वर्षाला शेकडा ६० होतो. दर कोणत्या मुदतीचा आहे हे न पाहता कर्ज घेणारा मनुष्य अडचणीत येतो. व्याजाचा हिशेब ज्याला स्वतः करता येतो, त्याला फसवणे सोपे नसते.

भास्कराचार्यांनी वयाच्या ६९व्या वर्षी ‘करणकुतूहल’ हा ग्रंथ लिहिला. त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी नातू चांगदेव यांनी आजच्या चाळीसगावजवळील पाटण येथे मठ स्थापन केला. तेथील शिलालेख त्याची साक्ष देतो. पुढे अकबराच्या दरबारातील कवी फैजी यांनी इ.स. १५८७ मध्ये लीलावतीचा फारसी अनुवाद केला, तर इ.स. १८१७ मध्ये कोलब्रुक यांचा इंग्रजी अनुवाद प्रसिद्ध झाला. अशा प्रकारे त्यांची विद्या देशोदेशी पोहोचली. आज कर्जाचा कागद हाती आला, की दर, मुदत आणि मुद्दल या तीन गोष्टी आपणही प्रथम पाहाव्यात. भास्कराचार्यांचे गणित तेथूनच सुरू होते.