रॉजर केसमेंट
रॉजर डेव्हिड केसमेंट (१ सप्टेंबर १८६४ – ३ ऑगस्ट १९१६) हे ब्रिटिश वाणिज्यदूत व पुढे आयर्लंडच्या स्वातंत्र्यलढ्यातील क्रांतिकारक होते. डब्लिनजवळील सँडीकोव्ह येथे जन्मलेले केसमेंट लहानपणीच पोरके झाले. विशीत ते आफ्रिकेत गेले आणि तेथे काही वर्षे नोकरी केल्यावर वाणिज्यदूत झाले.

काँगो मुक्त राज्य नावाने मुक्त असले, तरी प्रत्यक्षात ती बेल्जियमचा राजा दुसरा लिओपोल्ड याची खासगी जहागीर होती. तेथील रबरव्यापारातील जुलमाची चौकशी करण्यासाठी केसमेंट १९०३ मध्ये काँगो नदीतून आतल्या मुलखात गेले. सरकारी बोटीचे मिंधेपण नको म्हणून त्यांनी एका मिशनची आगबोट भाड्याने घेतली. ओस पडलेली गावे, ओलीस ठेवलेल्या बायका, हात तोडलेली मुले यांची त्यांनी साक्षींसह नोंद केली. १९०४ मध्ये अहवाल छापताना परराष्ट्र खात्याने माणसांच्या व गावांच्या नावांऐवजी नुसती अक्षरे घातली, याचा त्यांना संताप आला. तरीही अहवालाने खळबळ उडाली आणि १९०८ मध्ये लिओपोल्डला काँगो बेल्जियमच्या स्वाधीन करावा लागला.

१९१० मध्ये त्यांना ॲमेझॉनच्या खोऱ्यातील पुतुमायो भागात पाठवण्यात आले. तेथील रबर कंपनी लंडनमध्ये नोंदलेली होती आणि तिचे काही मुकादम बार्बाडोसचे, म्हणजे ब्रिटिश प्रजाजन होते. चौकशीचा अधिकार एवढ्याच धाग्यावर उभा होता. चाबूक, खोडे व उपासमार यांनी स्थानिक जमातींचा कसा संहार झाला, हे त्यांनी या मुकादमांच्याच जबान्यांतून सिद्ध केले. १९११ मध्ये त्यांना ‘सर’ हा किताब मिळाला.

परक्या भूमीवरील गुलामगिरी पाहता पाहता त्यांना आपल्या आयर्लंडची स्थिती उमगत गेली. १९१३ मध्ये त्यांनी नोकरी सोडली. महायुद्ध सुरू झाल्यावर जर्मनीत जाऊन त्यांनी आयरिश युद्धकैद्यांची पलटण उभारू पाहिली, पण जेमतेम पन्नासएक जण पुढे आले. जर्मनीची मदत अपुरी आहे, तेव्हा उठाव लांबणीवर टाकावा, हे सांगण्यासाठी ते पाणबुडीने परतले आणि २१ एप्रिल १९१६ रोजी केरी परगण्याच्या किनाऱ्यावर पकडले गेले. उठाव तीन दिवसांनी झालाच.

राजद्रोहाचा खटला १३५१ च्या कायद्याखाली चालला. राज्याबाहेर केलेले कृत्य त्यात बसते का, हा वाद त्या जुन्या मजकुरात स्वल्पविराम कोठे मानावा, इथपर्यंत गेला. निकाल त्यांच्याविरुद्ध लागला. दयेसाठी अर्ज होत असताना त्यांच्या समलिंगी संबंधांचा उल्लेख असलेल्या खासगी रोजनिशीची पाने अधिकाऱ्यांनी वजनदार मंडळींना दाखवली. आरोपाशी तिचा काडीचाही संबंध नव्हता. किताब काढून घेण्यात आला आणि ३ ऑगस्ट रोजी लंडनच्या पेंटनव्हिल तुरुंगात त्यांना फाशी देण्यात आली. तुरुंगाच्या आवारात पुरलेले त्यांचे अवशेष १९६५ मध्ये आयर्लंडला परत मिळाले व डब्लिनच्या ग्लास्नेव्हिन दफनभूमीत सन्मानाने पुरण्यात आले.