दादासाहेब फाळके यांच्या चित्रफिती

धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे झाला. चित्रकला, छायाचित्रण, छपाई अशा अनेक विद्या त्यांनी हस्तगत केल्या. पण त्यांपैकी एकीतही त्यांचे मन फार काळ रमले नाही. पुढे मुंबईत ख्रिस्ताच्या जीवनावरील एक मूकपट त्यांच्या पाहण्यात आला. आपल्या पुराणांतील देवही असेच पडद्यावर अवतरावेत, या ध्यासाने त्यांना पुरते घेरले. आयुर्विम्याचे कागद गहाण ठेवून ते १९१२ साली विलायतेस गेले व चित्रणयंत्र विकत घेऊन आले.

कोऱ्या फितीच्या कडांना छिद्रे पाडण्याचे काम घरीच करावे लागे. दादासाहेबांच्या पत्नी सरस्वतीबाई रात्री अंधारात बसून ते करीत, आणि दिवसा सर्व मंडळींचा स्वयंपाकही रांधीत. चित्रपटांच्या इतिहासात या माउलीचे नाव अधिक ठळक असावयास हवे होते! अशा कष्टांतून सिद्ध झालेला ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन चित्रपटगृहात लोकांपुढे आला. चित्रपटात काम करण्यास स्त्रिया धजत नसत. म्हणून तारामतीची भूमिका अण्णा साळुंके या तरुणाने केली होती.

दादासाहेबांनी नव्वदांहून अधिक चित्रपट काढले. परंतु त्या काळची फीत नायट्रेटची असे. ठिणगी पडताच ती भडकून पेटे, आणि एकदा पेटली की पाण्यानेही विझत नसे. आगीपासून वाचली, तरी उष्ण व दमट हवेत ती चिकट होई व अखेर तिची भुकटी होई. १९३१ साली बोलपट आला आणि मूकपटांना कोणी विचारीना. फितीत चांदीचा अंश असे. तेवढ्या चांदीसाठी कित्येक जुन्या फिती मोडीत गेल्या. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी दादासाहेब नाशिक येथे निवर्तले. त्यांच्या बहुतेक चित्रपटांचा आज मागमूसही उरलेला नाही.

१९६४ साली पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले. तेथील पी. के. नायर यांनी जुन्या फितींच्या शोधार्थ देश पालथा घातला. नाशिकच्या फाळके कुटुंबीयांकडून त्यांना अमोल ठेवा लाभला. ‘कालियामर्दन’ या १९१९ सालच्या चित्रपटात दादासाहेबांची कन्या मंदाकिनी बाळकृष्ण झाली होती. त्याचे तुकडे विस्कळीत झाले होते. कोणता तुकडा कोठे जोडावा, हे दादासाहेबांच्याच टिपणवहीवरून उमगले. मूळ सुमारे ३,७०० फूट लांबीच्या ‘राजा हरिश्चंद्र’चे मात्र पहिले व शेवटचे रीळ तेवढे हाती आले. तेही १९१३ चे नसून १९१७ साली त्यांनी पुन्हा केलेल्या चित्रणाचे असावे, असे काही अभ्यासकांचे मत आहे.

चित्रपट कसा तयार करतात, हे दाखविणारी एक लहानशी फीतही दादासाहेबांनी काढली होती. तिचा काही भाग वाचला आहे. त्यात दादासाहेब नटांना सूचना देताना आणि स्वतःच्या हाताने फीत निरखताना दिसतात.