पंडिता रमाबाई

मनाच्या शास्त्राचे काम म्हणजे मनाच्या विकारांची मोजदाद करणे, असा पुष्कळांचा समज असतो. परंतु विसाव्या शतकाच्या मध्यास अमेरिकेतील अब्राहम मॅस्लो व कार्ल रॉजर्स या पंडितांनी त्या शास्त्रास निराळे वळण दिले. वाढण्याची शक्ती मनुष्याच्या ठायी उपजतच असते. अन्न, निर्भयता, प्रेम व मान यांची जोड मिळाली की ती फुलू लागते, असे त्यांचे प्रतिपादन होते. या विचारास मानवतावादी मानसशास्त्र म्हणतात. त्याचे नावही कोणास ठाऊक नव्हते, तेव्हा आपल्या महाराष्ट्रात एका विदुषीने हाच मार्ग आचरून दाखविला. त्या पंडिता रमाबाईंचे चरित्र आम्ही बालवाचकांपुढे व त्यांच्या वडीलधाऱ्यांपुढे ठेवीत आहोत.

रमाबाईंचा जन्म २३ एप्रिल १८५८ रोजी सह्याद्रीतील गंगामूळ येथे झाला. त्यांचे वडील अनंतशास्त्री डोंगरे यांनी लोकनिंदा सोसून पत्नीस संस्कृत शिकविले, आणि त्या मातेने रमाबाईंस. तीर्थाटनात घरची संपत्ती सरली व १८७४ च्या सुमारास दुष्काळात आईबाप अन्नावाचून गेले. रमाबाई भावासह पायी हिंडत १८७८ साली कलकत्त्यास पोहोचल्या. तेथील विद्वानांनी त्यांस पंडिता व सरस्वती या पदव्या दिल्या. परंतु १८८० साली भाऊ वारला, आणि फेब्रुवारी १८८२ मध्ये पती बिपिनबिहारी मेधावी हेही निवर्तले. वयाची २४ वर्षे पुरी होण्याआधीच तान्ह्या मनोरमेस घेऊन जगात एकटे राहण्याची पाळी त्यांच्यावर आली.

दुःखाने खचावे, की त्याच दुःखाच्या डोळ्यांनी इतरांस ओळखावे? रमाबाईंनी दुसरा मार्ग पत्करला. १८८२ साली त्यांनी पुण्यास आर्य महिला समाज स्थापिला व हंटर कमिशनपुढे स्त्रीशिक्षिका आणि स्त्रीडॉक्टर यांची गरज मांडली. पुढे इंग्लंडात १८८३ साली त्यांनी ख्रिस्ती धर्म स्वीकारला. तरी विचार करण्याचा आपला हक्क त्यांनी कोणाच्याही हाती दिला नाही, आणि शाकाहारही सोडला नाही. १८८६ साली त्या अमेरिकेस गेल्या. तेथे त्यांनी बालोद्यान शिक्षणपद्धतीचा अभ्यास केला व विधवांच्या आश्रमासाठी साहाय्य मिळविले.

११ मार्च १८८९ रोजी मुंबईस शारदा सदन उघडले. पुढील वर्षी ते पुण्यास आले. ज्यांचे दर्शनही लोक अशुभ मानीत, अशा बालविधवा तेथे आल्या. त्यांना आपल्या जातीचे आचार पाळण्याची मोकळीक होती. पहिल्या विद्यार्थिनींपैकी गोदूबाई यांचा १८९३ साली धोंडो केशव कर्वे यांच्याशी पुनर्विवाह झाला. त्याच वर्षी वादळ उठले. काही मुली रमाबाईंच्या प्रार्थनेस बसू लागल्याने धर्मांतराचा आरोप झाला, सल्लागार मंडळातील थोर गृहस्थ दूर झाले व अनेक पालकांनी मुली परत नेल्या. पालकांची चिंता खरी होती, आणि बाईंची तळमळही खरी होती. सदन मात्र बंद पडले नाही.

१८९६-९७ च्या दुष्काळात रमाबाई तेव्हाच्या मध्य प्रांतात आल्या. भुकेने मरणाच्या दारी असलेल्या मुलींत त्यांना आपलेच बालपण दिसले असेल. शेकडो मुलींस त्यांनी आश्रय दिला. पुण्याजवळ केडगाव येथे मुक्ती सदन उभे राहिले. तेथे प्रथम अन्नवस्त्र व मायेचा हात मिळे. मग अक्षरओळख, आणि मग शेती, विणकाम, छापखाना यांपैकी एखादे काम. अंध स्त्रियाही ब्रेल लिपीत वाचू लागल्या. जी काल दुसऱ्याच्या दयेवर जगत होती, तीच उद्या नव्याने आलेलीची शिक्षिका होई. दया पोट भरते. परंतु आपण कोणाच्या तरी उपयोगी आहोत ही जाणीव मनुष्यास उभे करते, हे बाईंनी नेमके जाणले होते.

१९१९ साली सरकारने त्यांस कैसर-इ-हिंद पदक दिले. १९२१ साली मनोरमा वारली. तो घाव सोसून त्यांनी बायबलाच्या मराठी भाषांतराचे काम तडीस नेले, आणि ५ एप्रिल १९२२ रोजी देह ठेवला. योगायोग असा, की त्याच वर्षी वीस वर्षांचा कार्ल रॉजर्स ख्रिस्ती विद्यार्थ्यांच्या परिषदेसाठी चीनला गेला होता, आणि त्या प्रवासात त्याचे विचार स्वतंत्र होऊ लागले. रमाबाईंचा आधार ईश्वरश्रद्धा, रॉजर्सचा आधार निरीक्षण. तरीही विश्वास टाकल्यावाचून मन उमलत नाही, या एका ठिकाणी दोघांची गाठ पडते.

आज हुडकेश्वरची मुलगी दप्तर पाठीस लावून निर्भयपणे शाळेस येते, यामागे अशांचे कष्ट आहेत. पालकांस आमची विनंती एवढीच, की परीक्षेचे गुण विचारण्याआधी मुलास त्याच्या मनीचे विचारावे आणि पुरते ऐकून घ्यावे. आणि बालमित्रांनो, वर्गात एकटा बसणारा सोबती दिसल्यास त्याच्या शेजारी जाऊन बसा. रमाबाईंच्या चरित्राचा खरा अभ्यास तेथून सुरू होईल.