सार्वजनिक काका

गणेश वासुदेव जोशी यांचा जन्म १८२८ साली सातारा येथे झाला. पुढे पुण्यास येऊन ते वकिली करू लागले. १८७० साली स्थापन झालेल्या सार्वजनिक सभेचे ते प्राण होते. सभेच्या द्वारे त्यांनी रयतेची गाऱ्हाणी सरकारपुढे मांडली. म्हणून लोक त्यांना सार्वजनिक काका म्हणू लागले. १८७७ च्या दिल्ली दरबारास ते खादीचा साधा वेष करून गेले.

१८७९ साली वासुदेव बळवंत फडके यांनी इंग्रजांविरुद्ध बंड उभारले व शिरूर तालुक्यातील धामारी गावावर छापा घातला. पुढे ते पकडले गेले आणि पुण्यास त्यांच्यावर खटला उभा राहिला. काकांचा मार्ग सनदशीर, तर फडक्यांचा शस्त्राचा. शिवाय बंडखोराची बाजू मांडणे म्हणजे सरकारचा रोष ओढवून घेणे. तरीही काकांनी त्यांचे वकीलपत्र घेतले. फडक्यांना जन्मठेप काळ्या पाण्याची शिक्षा झाली. परंतु त्यांची बाजू मांडली गेल्यावाचून मात्र ती झाली नाही. १८८० साली काका निवर्तले.

दोषी ठरलेल्या माणसाचेही शिक्षेविषयीचे म्हणणे ऐकावे, असा दंडक १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेने घालून दिला.