वाटाण्याचा सिनेमा काढणारे दादासाहेब

दादासाहेब फाळके यांचे नाव सर्वांना ठाऊक आहे. पण त्यांच्या सिनेमातले देव एकाएकी कसे प्रकट होत, हे गुरुजींनी विचारले तेव्हा वर्गात कोणालाच सांगता येईना. म्हणून मी वाचनपेटीतले पुस्तक घरी नेले.

त्यांचे पूर्ण नाव धुंडिराज गोविंद फाळके. जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे झाला. मुंबईला व बडोद्याला ते चित्रकला शिकले. फोटोग्राफी, छपाई, सगळे करून पाहिले. जादूचे प्रयोगसुद्धा करीत, तेही प्रोफेसर केळफा या नावाने! हे नाव उलटे वाचून बघा.

पुढे मुंबईत त्यांनी येशू ख्रिस्ताचा सिनेमा पाहिला आणि आपणही आपल्या देवांचा सिनेमा काढायचा असे ठरवले. मग काय, रोज सिनेमे बघायचे आणि रात्री जागून प्रयोग करायचे. त्यापायी डोळे गेले. अगदी दिसेनासे झाले! डॉक्टरांच्या उपचाराने दृष्टी परत आली. तरी ऐकतात कुठले? विमा गहाण ठेवून १९१२ साली ते लंडनला गेले आणि कॅमेरा घेऊन आले.

पण सिनेमाला पैसे कोण देणार? दादासाहेबांनी कुंडीत वाटाणा लावला. कॅमेरा समोर ठेवून ठराविक वेळाने एकेक चित्र घेतले. महिनाभर हेच काम. पडद्यावर मात्र तो वेल मिनिटभरात भराभरा वाढला. पैसे देणाऱ्यांना ही गंमत पटली. मला तर ही त्यांची सर्वात मोठी जादू वाटते.

देव प्रकट करायची युक्ती अशी. कॅमेरा थांबवायचा. बाकीच्यांनी जागचे हलायचे नाही. देवाचा वेश घेतलेला नट मधे येऊन उभा राहिला की पुन्हा कॅमेरा चालू. एखादा जरी हलला तरी युक्ती फसली.

'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात लागला. पत्नी सरस्वतीबाई अंधारात बसून फिल्मला भोके पाडत, फिल्म धूत, वर सगळ्या मंडळींचा स्वयंपाकही करीत. त्यांचे नाव आम्हाला कोणालाच माहीत नव्हते. 'लंकादहन' १९१७ साली आला. त्यात हनुमान उडतो, लंका जळते. राम आणि सीता दोन्ही कामे अण्णा साळुंखे या एकाच माणसाने केली! 'कालिया मर्दन' (१९१९) मधला कृष्ण म्हणजे दादासाहेबांची छोटी मुलगी मंदाकिनी.

बोलपट आले आणि दादासाहेब मागे पडले. १९३७ चा 'गंगावतरण' हा त्यांचा शेवटचा सिनेमा. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला ते वारले.

मीही डब्यात वाटाणा लावला आहे. कॅमेरा नाही, म्हणून रोज वहीच्या कोपऱ्यात एक चित्र काढतो. पहिला वाटाणा शेळीने खाल्ला, हा दुसरा. एकोणीस चित्रे झाली आहेत. पाने भराभर सोडली की वेल हलतो. कोणाला बघायचे असेल तर मधल्या सुट्टीत या.