शैखुल जामिया ते राजभवन : डॉ. झाकिर हुसैन

डॉ. झाकिर हुसैन हे नाव उच्चारताच आजच्या तरुणाला तबला आठवतो. त्यात त्याचा दोष नाही. भारताचे तिसरे राष्ट्रपती एवढ्या एका ओळीपलीकडे पाठ्यपुस्तकांनी त्यांच्याविषयी फारसे सांगितलेले नाही, आणि त्या पदावर तर ते जेमतेम दोन वर्षे होते. त्याआधी बावीस वर्षे त्यांनी एक निर्धन विद्यापीठ चालविले होते.

त्यांचा जन्म 8 फेब्रुवारी 1897 रोजी हैदराबादेत झाला. घराणे कायमगंजचे, अफ्रिदी पठाणांचे. दहाव्या वर्षी पितृछत्र हरपले. पुढे 1911 मध्ये प्लेगने आईही नेली. इटाव्याच्या शाळेतून ते अलिगढच्या महाविद्यालयात आले आणि 1920 मध्ये असहकाराची हाक ऐकून बाहेर पडले. त्याच वर्षी 29 ऑक्टोबरला शैखुल हिंद मौलाना महमूद हसन रहमतुल्लाह अलैह यांच्या हस्ते जामिया मिल्लिया इस्लामियाची स्थापना झाली. मौलाना माल्टाच्या बंदिवासातून नुकतेच सुटलेले, अत्यंत आजारी. महिनाभरातच ते अल्लाहला प्यारे झाले. जामियाकडे निव्वळ राजकीय चळवळीचे अपत्य म्हणून पाहणाऱ्यांनी हे दृश्य डोळ्यांसमोर आणावे.

पुढे झाकिर साहेब अर्थशास्त्राच्या अध्ययनासाठी बर्लिनला गेले. इकडे खिलाफत चळवळ विरली, निधी आटला, जामिया बंद करण्याच्या गोष्टी सुरू झाल्या. ते वर्तमान कळताच त्यांनी आणि त्यांचे सहाध्यायी आबिद हुसैन व मुहम्मद मुजीब यांनी तिकडून कळविले, की आम्ही येतो आहोत, तोवर दार लावू नका. 1926 मध्ये डॉक्टरेट घेऊन ते परतले आणि एकोणतिसाव्या वर्षी शैखुल जामिया, म्हणजे कुलगुरू झाले. 1927 च्या अखेरीस हकीम अजमल खान वारले आणि उरलासुरला आधारही गेला. तेव्हा मोजक्या अध्यापकांनी प्रतिज्ञा केली: वीस वर्षे येथेच सेवा, आणि मासिक वेतन दीडशे रुपयांहून अधिक नाही. प्रत्यक्ष हाती पडे ते त्याहूनही कमी. दीनी मदरशातील उस्तादांचे पगार ज्यांना ठाऊक आहेत, त्यांना या प्रतिज्ञेचे वजन समजावून सांगण्याची गरज नाही. 1935 मध्ये ओखल्याच्या नव्या वास्तूची कोनशिला बसवायची वेळ आली, तेव्हा तो मान कोणा नवाबाला किंवा नेत्याला न देता जामियाच्या सर्वांत लहान विद्यार्थ्याला देण्यात आला.

महाराष्ट्राशी त्यांचे नाते वर्ध्याचे. ऑक्टोबर 1937 मध्ये गांधीजींनी तेथे शिक्षण परिषद बोलाविली आणि नई तालीमचा आराखडा ज्या समितीकडे सोपविला, तिचे अध्यक्ष झाकिर साहेब होते. सेवाग्राम आपल्याला स्मरते, अध्यक्षांचे नाव नाही. या योजनेपायी त्यांना स्वकीयांचे बोल सोसावे लागले. तीत धार्मिक शिक्षणाला स्थान नव्हते. मुस्लिम लीगने तिच्याविरुद्ध रान उठविले. प्रस्तुत लेखकालाही ती उणीव खटकते. परंतु ज्यांच्या जामियात दीनी शिक्षण अभ्यासक्रमाचाच भाग होते, त्यांच्या निष्ठेविषयी शंका घेणे हा अन्याय होता. नोव्हेंबर 1946 मध्ये जामियाच्या रौप्यमहोत्सवात नेहरू आणि जिना एकाच मंचावर बसले, ते याच माणसाच्या शब्दाखातर. भोवती दंगली पेटलेल्या होत्या.

ती आग त्यांच्यापर्यंतही आली. ऑगस्ट 1947 मध्ये जालंधर स्थानकावर ते जमावाच्या हाती सापडले; एक शीख लष्करी अधिकारी आणि एक हिंदू रेल्वे कर्मचारी मध्ये पडले म्हणून जीव वाचला. दिल्लीत जामियाचे ग्रंथभांडार जळाले. 1948 मध्ये मौलाना आझादांच्या आग्रहावरून त्यांनी अलिगढ विद्यापीठाचे कुलगुरूपद स्वीकारले. अलिगढ तेव्हा देशाच्या संशयाचा विषय झाले होते, आणि मागे राहिलेल्यांच्या मनात भय होते. आठ वर्षे त्यांनी ते सावरले. जे विद्यालय तरुणपणी सोडले, त्याचीच ही राखण.

1957 मध्ये ते बिहारचे राज्यपाल झाले. येथे एक प्रश्न प्रामाणिकपणे विचारला पाहिजे. शिक्षणाला राजकारणापासून दूर ठेवण्याचा आग्रह धरणारा माणूस राजभवनात का गेला? राज्यपालपदाबरोबर विद्यापीठांचे कुलपतिपदही आले, आणि तेथे स्वायत्ततेच्या बाबतीत ते शासनापुढे नमले नाहीत, हे खरे. तरीही 1962 मध्ये उपराष्ट्रपती आणि 1967 मध्ये राष्ट्रपती झाल्यावर समाजाला त्यांच्याकडून जो स्पष्ट शब्द हवा होता, तो फारसा आला नाही, ही तक्रार माझ्या मते निराधार नाही. पदाच्या मर्यादेने त्यांची जीभ बांधली. राष्ट्रपतिपदाच्या निवडणुकीत मात्र सुब्बा राव यांच्यासारख्या माजी सरन्यायाधीशांचा पराभव करून एक मुसलमान देशाच्या सर्वोच्च स्थानी बसला, याचा फाळणीनंतर अवघ्या वीस वर्षांत दबलेल्या समाजाला जो धीर वाटला असेल, तोही याच पारड्यात टाकावा लागेल.

3 मे 1969 रोजी पदावर असतानाच त्यांचे निधन झाले. दफन जामियाच्या आवारात झाले.