सभा भरवणारा संन्यासी : स्वामी रामानंद तीर्थ

(बी. ए. द्वितीय वर्ष)

लोकशाही म्हणजे काय, हा प्रश्न राज्यशास्त्राच्या पेपरात हमखास येतो आणि आम्ही त्याचे उत्तर पाठ करून जातो. लोकांनी चालवलेले राज्य, असे लिहिले की निम्मे गुण पदरात पडतात. परंतु लोक राज्य चालवतात म्हणजे नेमके काय करतात? पाच वर्षांतून एकदा बोटाला शाई लावून घेतात, एवढेच का? आणि लोक जर निरनिराळ्या भाषा बोलणारे असतील, तर त्यांनी एकमेकांशी विचारविनिमय कसा करावा? या प्रश्नांची उत्तरे शोधताना मला आपल्याच जिल्ह्यात एकेकाळी मुख्याध्यापक असलेल्या एका माणसाचे चरित्र सापडले. अंबाजोगाईच्या वैद्यकीय महाविद्यालयाच्या पाटीवर आणि नांदेडच्या विद्यापीठाच्या कमानीवर त्यांचे नाव आहे. ते नाव वाचत आपण कितीदा तरी गेलो-आलो असू. पण त्यामागचा माणूस मात्र आपल्यापैकी अनेकांना अनोळखी आहे.

स्वामी रामानंद तीर्थ यांचे पूर्वाश्रमीचे नाव व्यंकटेश खेडगीकर. ३ ऑक्टोबर १९०३ रोजी विजापूर जिल्ह्यातील सिंदगी येथे त्यांचा जन्म झाला. मुलूख कानडी आणि पुढचे शिक्षण मराठीत. सोलापूरच्या शाळेत असतानाच, १९२० साली लोकमान्य टिळकांचे निधन झाले. त्या वेळी या मुलाने आजन्म अविवाहित राहून देशसेवा करण्याचा निश्चय केला. सरकारी शाळा सोडून अमळनेरची राष्ट्रीय शाळा आणि पुण्याचे टिळक महाराष्ट्र विद्यापीठ येथे त्यांनी शिक्षण पूर्ण केले. कामगार पुढारी ना. म. जोशी यांच्या हाताखाली काही काळ काम केले. १९२९ मध्ये ते उस्मानाबाद जिल्ह्यातील हिप्परग्याच्या राष्ट्रीय शाळेत आले, १९३० मध्ये त्यांनी संन्यास घेतला आणि १९३५ मध्ये अंबाजोगाईस, म्हणजे तेव्हाच्या मोमिनाबादेस, योगेश्वरी नूतन विद्यालयाचे मुख्याध्यापक झाले.

संन्याशाने खरे तर रानात जावे. स्वामीजी शाळेत गेले आणि तेथून राजकारणात. याचे कारण समजण्यासाठी त्या वेळचे हैदराबाद संस्थान कसे होते ते पाहिले पाहिजे.

१९४१ च्या खानेसुमारीनुसार संस्थानची लोकसंख्या एक कोटी साठ लाखांच्या वर होती. सोळा जिल्ह्यांपैकी आठ तेलुगू, पाच मराठी आणि तीन कन्नड. सुमारे निम्म्या लोकांची मातृभाषा तेलुगू, चौथ्या हिश्श्याची मराठी आणि उरलेल्यांत मुख्यतः कन्नड व उर्दू. कचेरीचा कारभार मात्र उर्दूत चाले. १९१८ मध्ये निघालेल्या उस्मानिया विद्यापीठाचे माध्यमही उर्दूच. उर्दू ही गोड आणि समृद्ध भाषा आहे, तिचा दोष काहीच नाही. पण रयतेला न कळणाऱ्या भाषेत राज्य चालले की रयत मुकी होते. माझे आजोबा सांगत, की त्यांच्या वडिलांना जमिनीचा कागद आला तर तो वाचून घ्यायला दोन कोस चालावे लागे, आणि वाचणारा सांगेल तेच खरे धरून परत यावे लागे. त्यात भर म्हणजे गश्ती निशान त्रेपन्न हा हुकूम. त्यानुसार पूर्वपरवानगीवाचून सभा भरवता येत नसे. लोकांना एकत्र बसून बोलण्याचीच मनाई होती.

अशा स्थितीत लोकांनी एक वाट काढली. राजकीय संघटनेला वाव नाही, तर भाषेच्या आणि समाजसुधारणेच्या निमित्ताने एकत्र यावे! आंध्र महासभा १९३० मध्ये जोगीपेठ येथे भरली. कन्नड भागात कर्नाटक परिषद निघाली. मराठी भागात १९३७ साली परतूर येथे गोविंदराव नानल यांच्या अध्यक्षतेखाली महाराष्ट्र परिषदेचे पहिले अधिवेशन झाले आणि स्वामीजी तिच्या कामात पडले. या परिषदांत शेतकरी, वकील, शिक्षक आपापल्या भाषेत शिक्षण, शेतसारा, सभाबंदी यांविषयी बोलू लागले. पिढ्यान् पिढ्या गप्प राहिलेल्या माणसाला चार लोकांत उभे राहून बोलायला शिकवणे हे लहान काम नव्हते. माझ्या मते संस्थानातील लोकशाहीचा पहिला वर्ग येथेच भरला.

पण तीन परिषदा म्हणजे तीन वेगळ्या ओसऱ्या. त्या तिन्हींना एका छपराखाली आणण्यासाठी १९३८ मध्ये हैदराबाद स्टेट काँग्रेस स्थापन करण्याचे ठरले. सरकारने सप्टेंबरमध्ये, ती रीतसर स्थापन होण्याआधीच, तिच्यावर बंदी घातली. जन्माला न आलेल्या मुलाला शिक्षा देण्यासारखाच हा प्रकार! ऑक्टोबरमध्ये सत्याग्रह सुरू झाला. मुख्याध्यापकपद सोडलेले स्वामीजी तुरुंगात गेले. त्याच सुमारास वंदे मातरम् म्हटल्याबद्दल उस्मानिया विद्यापीठाच्या वसतिगृहांतून शेकडो विद्यार्थी काढले गेले आणि नागपूर विद्यापीठाने त्यांना आसरा दिला. त्यांपैकी एक तेलुगू तरुण, पी. व्ही. नरसिंह राव, स्वामीजींना गुरुस्थानी मानत. त्यांनी पुढे ह. ना. आपट्यांची कादंबरी तेलुगूत नेली आणि १९९१ मध्ये ते पंतप्रधान झाले. भाषांच्या भिंतींना दारे कशी पडतात, ते यावरून दिसते.

१९४० मध्ये स्वामीजींनी वैयक्तिक सत्याग्रह केला, पुन्हा तुरुंगवास भोगला. जुलै १९४६ मध्ये बंदी उठली आणि स्टेट काँग्रेसच्या अध्यक्षपदाची निवडणूक झाली. मवाळ विचाराचे बुर्गुल रामकृष्णराव आणि लढ्याचा आग्रह धरणारे स्वामीजी यांच्यात सामना होऊन स्वामीजी थोड्याच मतांनी विजयी झाले. या चुरशीचे मला विशेष वाटते. बाहेर निजामाची सत्ता हुकमावर चालली असताना, आत ही संघटना मते मोजून आपला पुढारी निवडत होती, आणि तेलुगू व मराठी कार्यकर्ते एकाच यादीत बसून एकमेकांच्या विरुद्ध मत देत होते. मतभेद झाले तरी छप्पर एकच राहिले.

पुढचा इतिहास आपण दर १७ सप्टेंबरला ऐकतो. ७ ऑगस्ट १९४७ रोजी भारतात सामील व्हा, या मागणीचा दिवस पाळला गेला. १५ ऑगस्टला देश स्वतंत्र झाला आणि त्याच दिवशी स्वामीजींना अटक झाली. मधला थोडा काळ सोडता ते तुरुंगातच होते. रझाकारांचे अत्याचार वाढले. ऑगस्ट १९४८ मध्ये विलीनीकरणाच्या बाजूने उर्दूत लिहिणारे संपादक शोएबुल्ला खान यांचा खून झाला. १३ सप्टेंबरला लष्करी कारवाई सुरू झाली, १७ सप्टेंबरला निजामाने शरणागती पत्करली आणि स्वामीजी सुटले.

येथे एक गोष्ट प्रामाणिकपणे लिहिली पाहिजे. तीन भाषांच्या परिषदांत उर्दू बोलणाऱ्यांची ओसरी नव्हती. शोएबुल्ला खानांसारखे काही होते, पण संस्थानातील मोठा मुसलमान समाज या चर्चेबाहेरच राहिला. कारवाईनंतर अनेक निरपराध मुसलमान कुटुंबांना सूड सोसावा लागला, आणि त्यात आपला जिल्हाही होता. ज्यांच्याशी आपण बोललेलो नसतो, त्यांच्याविषयी भय आणि द्वेष किती लवकर वाढतो!

स्वातंत्र्यानंतर स्वामीजी १९५२ मध्ये कन्नड भागातील गुलबर्ग्याहून आणि १९५७ मध्ये मराठी भागातील औरंगाबादहून लोकसभेवर निवडून गेले. दोन भाषांच्या मतदारांनी एकाच माणसावर विश्वास टाकला. तरीही हैदराबाद राज्याचे भाषेनुसार विभाजन व्हावे, असा आग्रह त्यांनी धरला. ज्याने तीन भाषा एकत्र आणल्या त्यानेच त्या वेगळ्या कराव्यात, हे प्रथम मला कोड्यात टाकणारे वाटले. विचार करता पटले. घरच्या भाषेत कारभार असल्याशिवाय सामान्य माणूस बोलत नाही, आणि तो बोलू लागल्याशिवाय मोठ्या देशाच्या चर्चेला अर्थ नाही. १ नोव्हेंबर १९५६ रोजी ते विभाजन झाले. मराठवाडा मुंबई राज्यात आणि १९६० मध्ये महाराष्ट्रात आला. २२ जानेवारी १९७२ रोजी हैदराबाद येथे स्वामीजींचे निधन झाले.

आज युरोपातील २७ देश असाच प्रयोग फार मोठ्या प्रमाणावर करीत आहेत. १९७९ पासून तेथील नागरिक एक संयुक्त संसद थेट मतदानाने निवडतात आणि तिचे काम २४ भाषांत चालते. दुभाषे आहेत, भाषांतरे आहेत, तरी २०२४ मध्ये जेमतेम निम्म्या मतदारांनीच मतदान केले. कागद आपल्या भाषेत आला, तरी परक्या देशातल्या माणसाशी आपले काही समाईक आहे असे वाटायला सभा लागते, ओळख लागते, वाद लागतो. आपल्या पणजोबांच्या पिढीने हे थोड्या साधनांनिशी आणि तुरुंगाच्या छायेत करून पाहिले होते.

शेवटी स्वतःविषयी थोडे. आमच्या घरातून महाविद्यालयात येणारा मी पहिलाच. गेल्या वर्षी एका संध्याकाळी ग्रामसभेची वही आमच्या दारी आली. सभा झालीच नव्हती. शिकलेला म्हणून वही माझ्याकडे दिली गेली. मी आईचा अंगठा शाईत बुडवून रकान्यात टेकवला, वडिलांच्या नावापुढे सही केली आणि वही परत केली. आईने कशाचा अंगठा म्हणून विचारले, तेव्हा काही नाही, असे सांगून मी जेवायला बसलो. तेथे ना परक्या भाषेचा अडसर होता, ना गश्तीचा हुकूम. मराठीत लिहिलेली वही होती आणि ती वाचता येणारा मी होतो. स्वामीजींचे चरित्र वाचल्यापासून तो अंगठा माझ्या डोळ्यांपुढून जात नाही.

२६ जानेवारीला पुन्हा ग्रामसभा आहे. आईला बरोबर घेऊन मी जाणार आहे. आमच्या गल्लीच्या पाण्याविषयी तिला बरेच काही बोलायचे आहे.